धुकं न काढता पाहणं

संपलेला सामना पुन्हा बघताना पडद्यावर जितकं जास्त दिसतं, तितका खेळाडूचा न्याय करताना आपण जास्त चुकतो. ऑनलाइन खेळांच्या संघांचे सामने तपासण्याचं काम करता करता माझं हे मत पक्कं होत गेलं, आणि या कामात नव्याने येणाऱ्यांना ते हमखास उफराटं वाटतं. वाटणारच, कारण रिप्ले नावाची सोय आली तीच सगळं दिसावं म्हणून. काउंटर-स्ट्राइकचा डेमो उघडला की भिंतीपलीकडचे खेळाडू रंगीत आकृत्यांसारखे चमकतात. डोटाच्या रिप्लेत नकाशावरचं, खेळाडूला न दिसणारा भाग झाकणारं धुकं एका क्लिकमध्ये उडवता येतं. स्टारक्राफ्टमध्ये दोन्ही बाजूंची तिजोरी आणि फौजफाटा आकड्यांत मांडलेला असतो. एवढं समोर असलं की दोन मिनिटांत कुणीही सांगतो, ‘याने तिकडे जायलाच नको होतं.’ तपासणीच्या बैठकीत सर्वांत जास्त ऐकू येणारं वाक्य हेच, आणि बहुतेक वेळा ते कुचकामी असतं. बोलणाऱ्याने पाहिलेला सामना आणि खेळाडूने खेळलेला सामना यांची फाइल एक असते, पण सामने दोन असतात. पहिल्याला दोन्हीकडची पानं दिसत होती. दुसऱ्याच्या हातात स्वतःची पानं होती, आणि कानावर आलेल्या दोन-चार आवाजांवरून बाकीच्यांचा अंदाज.

हे नीट समजायचं तर रिप्ले म्हणजे चित्रफीत हा समज आधी सोडावा लागतो. क्रिकेटमध्ये तिसरा पंच नोव्हेंबर १९९२ मध्ये डरबनच्या कसोटीत आला आणि त्याच्या निर्णयाने बाद झालेला पहिला फलंदाज सचिन तेंडुलकर, हे आपल्याकडे पुष्कळांना ठाऊक असतं. त्या पंचापुढे होतं ते कॅमेऱ्याने टिपलेलं चित्र. कॅमेरा जिथे लावलेला नव्हता तिथलं काही त्याला दिसणं शक्य नव्हतं. संगणकी खेळातल्या रिप्लेची जातच वेगळी. १९९३ च्या डूममध्ये डेमो फाइल म्हणजे खेळाडूने कोणत्या क्षणी काय दाबलं याची निव्वळ नोंद होती. सेकंदाला ३५ ठोके, दर ठोक्याला चार बाइट. मिनिटभराच्या खेळाला साडेआठ हजार बाइटही लागत नसत, आणि त्यात चित्र एकही नसे. फाइल चालवली की प्रोग्रॅम तीच बटणं त्याच क्रमाने स्वतःला पुरवत असे आणि सामना पहिल्यापासून पुन्हा घडत असे. राक्षसांचं वागणं ठरवणारे यदृच्छ आकडेसुद्धा २५६ आकड्यांच्या एका ठरलेल्या तक्त्यातून उचलले जात, त्यामुळे राक्षस दरवेळी त्याच कोपऱ्यात त्याच बाजूला वळे. एज ऑफ एम्पायर्ससारख्या युद्धनीतीच्या खेळांनी हीच युक्ती नेटवर्कसाठी वापरली. मॉडेमच्या काळात शेकडो सैनिकांच्या जागा तारेवरून पाठवणं अशक्य होतं, म्हणून फक्त खेळाडूंचे हुकूम पाठवायचे आणि प्रत्येक संगणकाने आपापल्या घरी तीच लढाई घडवायची. हुकूम पाठवता येतात तर साठवताही येतात. स्टारक्राफ्टमध्ये २००१ च्या एका पॅचने रिप्ले दिले ते याच पायावर. १९९६ च्या क्वेकने दुसरी वाट धरली आणि सर्व्हरकडून आलेले निरोप जसेच्या तसे साठवले. आजचे काउंटर-स्ट्राइक आणि डोटाचे रिप्ले साधारण याच दुसऱ्या घराण्यातले आहेत. वाट कोणतीही असो, फाइलमध्ये साठतं ते खेळाच्या जगात काय घडलं याचं टिपण. चित्र बघणाऱ्याच्या संगणकावर नव्याने काढलं जातं. म्हणूनच कॅमेरा कुठेही नेता येतो, अगदी जिथे सामन्याच्या वेळी कुणाचीच नजर नव्हती तिथेही.

या पद्धतीचे काही तोटे उघड आहेत. टिपणातून सामना उभा करायचा तर तो खेळ त्याच आवृत्तीत हाताशी असावा लागतो. लीग ऑफ लेजंड्समध्ये अधिकृत रिप्ले २०१६ च्या अखेरीस आले आणि ते सामना ज्या पॅचवर झाला त्याच पॅचवर चालतात. पॅच साधारण दोन आठवड्यांनी बदलतो, म्हणजे रिप्लेचं आयुष्य जास्तीत जास्त तेवढंच. सप्टेंबर २०२३ मध्ये काउंटर-स्ट्राइक २ आला तेव्हा आधीच्या सीएस:गोचे डेमो त्यात चालेनात. ते बघायचे तर जुनी आवृत्ती मुद्दाम उतरवून ठेवावी लागते. मूळ एज ऑफ एम्पायर्स २ च्या रिप्लेत मागे जाण्याची सोयच नव्हती. फाइलमध्ये हुकूम होते पण कोणत्याही मधल्या क्षणाची अख्खी स्थिती नव्हती, तेव्हा एक मिनिट मागे जायचं तर शून्यापासून सगळी लढाई पुन्हा घडवणं आलं. (मला ती उणीव अधूनमधून सोय वाटते. मागे जाता येत नसलं की बघणारा निमूट पुढे बघतो, खेळाडूसारखा.) पण माझा रोख टिकाऊपणावर नाही. रिप्ले ही पुनर्रचना आहे, आणि पुनर्रचना करणाऱ्याला कोणत्या ठिकाणी उभं राहायचं हे निवडावं लागतं. ती निवड आपण करतो याचं भान सुटतं, तिथून चुका सुरू होतात.

‘मग सरळ खेळाडूच्या डोळ्यांतून बघा,’ असं म्हणणं सोपं आहे, आणि डेमोमध्ये तसं बटणही असतं. पण ते बटण जे दाखवतं ते खेळाडूने पाहिलेलं असेलच असं नाही. सीएस:गोचे अधिकृत सर्व्हर सेकंदाला ६४ वेळा जगाची स्थिती ठरवत, आणि त्यांचे डेमो पुष्कळदा त्याच्या निम्म्या वेगाने, ३२ ने, नोंदवलेले असत. ३२ च्या हिशेबाने दोन नोंदींमध्ये सुमारे ३१ मिलिसेकंदांची पोकळी राहते. चांगल्या खेळाडूचा नेम तेवढ्या अवधीत शत्रूवर येऊन पुढेही सरकलेला असतो. रिप्ले ती पोकळी दोन टोकं सरळ जोडून भरतो, आणि मग नेम भलतीकडे असताना गोळी लागल्यासारखी दिसते, किंवा माउस माणसाच्या हाताला न शोभणाऱ्या झटक्याने फिरल्यासारखा वाटतो. फसवणुकीचे किती आरोप या ३१ मिलिसेकंदांतून जन्मतात! दुसरी भानगड नेटवर्कच्या विलंबाची. गोळी झाडल्याचा निरोप सर्व्हरला पोचतो तोवर थोडा वेळ गेलेला असतो, म्हणून सर्व्हर बाकी खेळाडूंना क्षणभर मागे नेतो आणि झाडणाऱ्याच्या पडद्यावर ते जिथे होते तिथे धरून गोळी लागली का ते ठरवतो. यामुळे झाडणाऱ्यावर अन्याय होत नाही, पण ज्याला लागली तो स्वतःच्या पडद्यावर आधीच भिंतीआड पोचलेला असू शकतो. ‘मी आत आलो होतो, तरी मेलो’ ही तक्रार खरी असते आणि सर्व्हरचा निकालही खरा असतो. डेमो सर्व्हरचं सत्य दाखवतो. खेळाडूला ते दाखवून ‘तू उघड्यावरच होतास’ म्हटलं की तो गप्प बसतो खरा, पण त्याने ते मान्य केलेलं नसतं आणि त्यातून तो काही शिकलेलाही नसतो.

सर्वदर्शी नजर आणि खेळाडूची नजर यांत किती अंतर आहे, याची किंमत खेळानेच एकदा जाहीरपणे लावलेली आहे. सीएस:गोमध्ये प्रशिक्षकाला सामन्यात सर्व्हरवर हजर राहता येई, पण फक्त आपल्या खेळाडूंच्या नजरेतून बघण्यापुरतं. एका तांत्रिक दोषामुळे काही प्रशिक्षकांचा कॅमेरा नकाशावरच्या एखाद्या ठिकाणी अडकून राही आणि तिथून विरोधी संघाची हालचाल दिसे. कुणी तो दोष कळवला, कुणी मुकाट्याने वापरला. २०२० मध्ये हे बाहेर आलं तेव्हा एस्पोर्ट्स इंटिग्रिटी कमिशनने जुने डेमो मोठ्या संख्येने तपासले, कारण प्रशिक्षकाचा कॅमेरा कुठे होता हेही त्या फाइलींत नोंदलेलं होतं. सप्टेंबरच्या अखेरीस ३७ प्रशिक्षकांवर बंदी जाहीर झाली. या प्रकरणाकडे लोक बहुधा नैतिकतेचा धडा म्हणून बघतात. मला त्यातली दुसरी गोष्ट जास्त बोलकी वाटते. नकाशाचा एक कोपरा, तोही एका जागी खिळलेल्या कॅमेऱ्यातून दिसणं, एवढ्यानेच सामन्याचा समतोल बिघडतो असं सगळ्यांनी मान्य केलं. आणि आपण संध्याकाळी तपासणीला बसतो तेव्हा एक कोपरा नव्हे, अख्खा नकाशा बघतो, हवा तितका वेळ थांबवून बघतो, आणि त्या माहितीच्या जोरावर खेळाडूला विचारतो, हे तुला कसं कळलं नाही? सामना चालू असताना ज्या माहितीला फसवणूक म्हणायचं, ती सामना संपल्यावर खेळाडूकडून अपेक्षित धरायची, यात काहीतरी गडबड आहे.

थेट प्रक्षेपण करणाऱ्यांना हे अंतर पुरेपूर माहीत असतं. डोटाच्या खेळातूनच सामना बघणाऱ्या प्रेक्षकाला तो काही मिनिटं उशिराने दिसतो, मोठ्या स्पर्धांत तर आणखी उशिराने, कारण प्रेक्षकाला दिसणारं खेळाडूच्या कानी लागलं तर खेळच उरत नाही. यंत्राच्या बाबतीतही हाच वाद झाला. डीपमाइंडच्या अल्फास्टारने जानेवारी २०१९ मध्ये स्टारक्राफ्ट २ च्या दोन व्यावसायिक खेळाडूंना प्रत्येकी ५-० ने हरवल्याचं दाखवण्यात आलं. त्या यंत्राचं पहिलं शिक्षण माणसांच्या रिप्लेवर झालं होतं. धुक्याआडचं त्यालाही दिसत नव्हतं, पण आपल्या सैन्याला नकाशावर जिथे जिथे जे दिसतं ते सगळं त्याला एकदम दिसत होतं. माणसाला त्यासाठी कॅमेरा इकडून तिकडे पळवावा लागतो आणि एका वेळी नकाशाचा एक तुकडा मिळतो. त्यानंतर कॅमेरा हलवण्याची अट घातलेली आवृत्ती थेट प्रक्षेपणात त्या दोघांपैकी माना या खेळाडूपुढे आली, आणि ती हरली. एका सामन्यावरून मोठा सिद्धांत काढू नये, त्या आवृत्तीला सरावही कमी मिळाला होता. तरी हरकत घेणाऱ्यांचा मुद्दा डीपमाइंडच्या संघाने मनावर घेतला आणि पुढच्या कामात ती अट कायम ठेवली. लक्ष कुठे द्यायचं हा निर्णय खेळाचाच भाग आहे, हे यंत्र बनवणाऱ्यांनीही मानलं. पण रिप्ले बघणाऱ्याला तो निर्णय करावाच लागत नाही. त्याचं लक्ष निकाल आपणहून योग्य जागी नेऊन ठेवतो.

निकाल माहीत असणं हा या सगळ्याचा गाभा आहे. मानसशास्त्रज्ञ बारूक फिशहॉफ यांनी १९७५ मध्ये प्रसिद्ध केलेला एक प्रयोग या कामाशी संबंध नसलेला वाटेल, पण मला तो फार जवळचा वाटतो. १८१४ च्या इंग्रज-गुरखा संघर्षाचा वृत्तान्त त्यांनी विद्यार्थ्यांना वाचायला दिला. काहींना शेवट सांगितलाच नाही. इतरांना चार शक्य शेवटांपैकी एकेक खरा म्हणून सांगितला, कुणाला इंग्रज जिंकले तर कुणाला गुरखे जिंकले. मग विचारलं, प्रत्येक शेवट होण्याची शक्यता किती होती? ज्याला जो शेवट सांगितला होता, त्याला तोच आधीपासून जास्त संभाव्य वाटला, आणि आपल्या अंदाजावर त्या माहितीचा परिणाम झालाय याची जाणीवही फारशी नव्हती. रिप्ले बघणारा त्या विद्यार्थ्यांपेक्षा वाईट स्थितीत असतो. त्याला शेवट माहीत असतो आणि वर शत्रू कोणत्या दाराआड उभा आहे हेही दिसत असतं. डोटामध्ये एक संघ रोशान या बलाढ्य राक्षसाला मारायला जातो आणि दुसरा संघ नकाशाच्या दुसऱ्या टोकाला सोनं गोळा करत राहतो. पूर्ण दृश्यात दुसरा संघ गाढव वाटतो. त्याच बाजूची दृष्टी लावून बघा. त्यांचा तिथला वॉर्ड, म्हणजे पाळतीची खूण, मिनिटभरापूर्वी मोडलेला, पाचपैकी तीन शत्रू नकाशावरून गायब, आणि हेच तीन शत्रू मधल्या वाटेवर दबा धरून असण्याची शक्यताही तितकीच. सोनं गोळा करत राहणं कदाचित चूकच असेल. पण ती चूक असलीच तर वॉर्ड मोडला तेव्हाच्या तीस सेकंदांतली असते. सर्वदर्शी बैठकीत त्या तीस सेकंदांवर कुणी बोलत नाही, कारण तिथे काहीच ‘घडत’ नाही.

इथे पहिली मोठी हरकत येते, आणि ती वजनदार आहे. फसवणूक ओळखायची तर भिंतीपलीकडचं दिसल्याशिवाय कसं चालेल? सीएस:गोमध्ये २०१३ पासून ओव्हरवॉच नावाची व्यवस्था होती. अनुभवी खेळाडूंना संशयिताच्या सामन्यातल्या आठ राउंडचा तुकडा नावं झाकून बघायला मिळे, आणि पुरावा निःसंशय आहे की अपुरा, असा निर्णय द्यावा लागे. भिंतीपलीकडचं पाहणारा खेळाडू पकडायचा तर भिंत पारदर्शक करून बघावंच लागतं, हे कबूल. पण त्या व्यवस्थेची दुखरी नसही तिथेच होती. तुकड्यातून संभाषण काढून टाकलेलं असे. संशयित एका कोपऱ्याकडे आधीच नेम धरून वळला, तर ते भिंतीपलीकडचं दिसल्यामुळे की सहकारी ‘डावीकडे एक आहे’ म्हणाला म्हणून, हे फाइलवरून ठरत नसे. बघणाऱ्याला शत्रू दिसत होता म्हणून संशयितालाही दिसत होता असं वाटण्याचा मोह तिथे सर्वांत मोठा. मी म्हणतो त्या शिस्तीची गरज तिथे कमी नव्हती, उलट जास्त होती. आणि काही फसवणूक तर कोणत्याच नजरेला दिसत नाही. ट्रॅकमेनियाच्या गाड्यांच्या शर्यतीत २०२१ मध्ये गाजलेलं प्रकरण तसं होतं. रिप्ले फाइलींमध्ये स्टिअरिंगच्या हालचाली आकड्यांत साठलेल्या होत्या, आणि जुन्या विक्रमांतल्या त्या आकड्यांमध्ये इतके दाट झटके सापडले की खेळ हळू करून चालवल्याशिवाय ते संभवत नव्हते. त्या शर्यती वर्षानुवर्षं लोकांनी कौतुकाने पाहिल्या होत्या. काउंटर-स्ट्राइकच्या भारतीय संघ ऑप्टिक इंडियाचं २०१८ मधलं शांघायच्या स्पर्धेतल्या फसवणुकीचं प्रकरणही शेवटी खेळाडूच्या संगणकावर सापडलेल्या प्रोग्रॅमने निकाली निघालं. डेमो बघून शंका घ्यावी, निवाडा करायला आणखी काही लागतं, एवढाच निष्कर्ष मी यातून काढतो.

प्रत्यक्ष कामात याचा अर्थ असा की बघणं दोन फेऱ्यांत होतं, आणि फेऱ्यांचा क्रम उलटवायचा नाही. पहिल्या फेरीत एक्स-रे, म्हणजे भिंतीपलीकडचं दाखवणारी सोय, बंद. डोटा असेल तर दृष्टी एकाच बाजूची, आणि शक्य असेल तर खेळाडूच्या स्वतःच्या कॅमेऱ्यातून, कारण तो त्या क्षणी नकाशाचा कोणता तुकडा बघत होता आणि कुठे क्लिक करत होता हे डोटाचा रिप्ले दाखवू शकतो. माझ्या लेखी ती त्या खेळातली सर्वांत मोलाची आणि सर्वांत दुर्लक्षित सोय आहे. काउंटर-स्ट्राइक असेल तर संघाच्या बोलण्याचं वेगळं रेकॉर्डिंग डेमोशी जुळवून लावायचं. हे काम कंटाळवाणं असतं, पण त्याशिवाय पहिली फेरी मुकी राहते. निर्णयाच्या जरा आधी थांबायचं आणि खेळाडूला विचारायचं ते एवढंच, की या घडीला तुला काय माहीत आहे? तो सांगतो ते लिहून घ्यायचं. ए कडे स्मोक पडला, दोघांची पावलं ऐकली, बॉम्ब दिसलेला नाही, बी वरचा सहकारी तीस सेकंद बोललेला नाही. दुसऱ्या फेरीत सगळं उघडायचं आणि लिहिलेलं तपासायचं. यातून तीन वेगळ्या गोष्टी निघतात आणि सर्वदर्शी बघण्यात त्या एकमेकींत मिसळून गेलेल्या असतात. माहिती मिळण्यासारखी होती पण घेतली नाही, ही एक. माहिती होती पण चुकीचा अर्थ लावला, ही दुसरी. अर्थही बरोबर होता, निर्णयही बरोबर होता आणि तरी राउंड गेला, ही तिसरी, आणि ती मान्य करणं संघांना सर्वांत जड जातं. हरलेल्या राउंडमध्ये चूक शोधायचीच असा पण केला की ती सापडतेच, आणि मग पुढच्या सामन्यात खेळाडू चांगला निर्णय घ्यायला कचरतो.

वेळ कुठून आणायचा, अशी दुसरी हरकत संघांचे व्यवस्थापक घेतात. डोटाचा सामना सहज चाळीस मिनिटांचा, काउंटर-स्ट्राइकचा नकाशा त्याहून लांबू शकतो, आणि दोन फेऱ्या म्हणजे दुप्पट. ठळक क्षणांचे तुकडे बघून भागवावं असं त्यामुळे वाटतं. पण ठळक क्षण म्हणजे निकाल लागल्याचे क्षण, निर्णय त्याच्या बराच आधी झालेला असतो. अख्खा सामना दोनदा बघण्यापेक्षा तीन-चार निर्णय निवडून तेवढेच दोन फेऱ्यांत बघितले तर वेळ उलट वाचतो. निवड खेळाडूनेच करावी. ज्या जागी तो अडखळला होता ती त्याला आठवत असते, आणि बाहेरून बघणाऱ्याला बहुधा ती कळलेलीही नसते.

तिसरी हरकत मला अर्ध्याहून जास्त मान्य आहे. विरोधी संघाचा अभ्यास करताना धुक्याचं सोवळं पाळण्यात अर्थ नाही. समोरचा संघ पिस्तूल राउंडमध्ये कुठे जातो, पैसे कमी असताना काय विकत घेतो, पहिला वॉर्ड कुठे लावतो, हे शोधायचं तर वीस डेमो वरूनच बघितले पाहिजेत, आणि त्यातलं पुष्कळसं माणसाने बघण्याचीही गरज नाही. फाइल वाचून आकडे काढणारे प्रोग्रॅम ते जास्त बरं करतात. तिथे प्रश्न सवयींचा असतो, कुणाच्या निर्णयाचा न्याय करायचा नसतो. माझा आग्रह न्यायापुरता आहे. गडबड होते ती एकाच बैठकीत दोन्ही कामं उरकण्याने. विरोधकांसाठी उघडलेला पूर्ण नकाशा तसाच ठेवून आपल्या खेळाडूची झडती सुरू होते, आणि पडद्यावरची सेटिंग बदलायला लागणारी दोन क्लिक कुणी करत नाही.

मग खेळाडूच्या पडद्याचं साधं रेकॉर्डिंगच का पुरू नये, असं कुणी विचारेल. भारतात हा प्रश्न पुस्तकी नाही. महाराष्ट्रातल्या तालुक्याच्या गावांतून या क्षेत्रात येणारी मुलं बहुधा फोनवर बीजीएमआय खेळत मोठी झालेली असतात, आणि त्यांची तपासणीची मुख्य सामग्री म्हणजे फोनच्या स्क्रीनचं रेकॉर्डिंग. चौघांची चार रेकॉर्डिंगं शेजारी शेजारी लावून बघायची. व्हॅलोरंट २०२० मध्ये आला, मुंबईत त्याचे सर्व्हर आहेत, मुंबईचा ग्लोबल ईस्पोर्ट्स २०२३ पासून त्याच्या पॅसिफिक लीगमध्ये खेळतो, पण सर्वसामान्य खेळाडूला खेळात अंगभूत रिप्ले मिळायला २०२५ उजाडलं. मधली पाच वर्षं सगळे आपापल्या पडद्याच्या चित्रफितींवरच शिकले. माझ्या म्हणण्याप्रमाणे त्यांचं उत्तम चालायला हवं होतं, कारण त्यांच्याकडे पहिली फेरी आपोआप होती. आणि एका बाबतीत ते खरंच पुढे होते. स्वतःच्या माहितीची मर्यादा त्यांना कळत असे, वाद घालताना ‘मला दिसलं ते हे’ असं म्हणून ते दाखवू शकत. पण दुसरी फेरी नसल्याने त्यांचे अंदाज तपासले जात नसत. पावलं दोघांची वाटली ती खरंच दोघांची होती का, शत्रू खरोखर वळसा घालून येत होता का, याचं उत्तर चारही फितींमध्ये मिळत नाही. न तपासलेला अंदाज पुढे ‘अनुभव’ म्हणून वावरतो. त्यामुळे पूर्ण दृश्य नकोच असं मी म्हणत नाही. ते आधी नको.

खेळाडूची मर्यादा लिहून घेतली, नंतर सत्य उघडलं, तरी एक अडचण शिल्लक राहते. निर्णय चांगला होता की वाईट हे शेवटी आपण बोलूनच ठरवतो, आणि बोलण्यात आवाज मोठा असलेल्याचं मत जिंकतं. स्टारक्राफ्ट २ ने २०१३ च्या हार्ट ऑफ द स्वार्मपासून यावर एक सोय दिली. रिप्ले हव्या त्या क्षणी थांबवायचा, आणि तिथून पुढे स्वतः खेळायला लागायचं. स्पर्धांमध्ये ही सोय जोडणी तुटलेला सामना पुन्हा उभा करायला वापरली जाते, पण तपासणीत तिचा उपयोग त्याहून मोठा आहे. ‘मागे हटायला हवं होतं’ असं म्हणणाऱ्याला म्हणता येतं, बरं, हट आणि दाखव. फक्त मूळ खेळाडूला तिथे बसवून उपयोग नाही, प्रशिक्षकालाही नाही. दोघांनाही आता शत्रूचा तळ कुठे आहे ते ठाऊक झालेलं असतं. त्या क्षणी बसवायचा तो संघातला तिसराच कुणी, ज्याने हा सामना पाहिलेला नाही आणि ज्याला पहिल्या फेरीतल्या त्या चार ओळींपलीकडे काही सांगितलेलं नाही.